टिम थॉमस: क्रीज सोडून उभा राहणारा गोलरक्षक

१५ जून २०११ रोजी व्हँकुव्हरच्या रॉजर्स अरेनात बॉस्टन ब्रुइन्सनं एनएचएल या उत्तर अमेरिकेतल्या अव्वल आइस हॉकी लीगच्या स्टॅन्ली कपच्या अंतिम फेरीचा सातवा सामना ४-० असा जिंकला. गोलरक्षक टिम थॉमसनं त्या रात्री ३७ फटके अडवले. पूर्ण मालिकेत त्याच्यावर २४६ फटके आले आणि त्यातले फक्त ८ आत गेले. प्ले-ऑफमधल्या सर्वोत्तम खेळाडूचा कॉन स्माइथ करंडक त्याला मिळाला तेव्हा तो ३७ वर्षांचा होता. इतक्या वयात हा करंडक त्याआधी कुणालाच मिळाला नव्हता. अमेरिकन खेळाडूंपैकी त्याच्याआधी तो मिळवणारा एकटा ब्रायन लीच, १९९४ साली.

याच थॉमसला एनएचएलमधला पहिला सामना २८व्या वर्षी मिळाला आणि संघात टिकाऊ जागा एकतिसाव्या वर्षी. मधली वर्षं बर्मिंगहॅम, ह्यूस्टन, हेलसिंकी, हॅमिल्टन, डेट्रॉइट, स्टॉकहोम, औलू, प्रॉव्हिडन्स आणि पुन्हा हेलसिंकी अशी गेली. नशीब उशिरा फळफळलं, एवढ्यावर हा विषय सोडून देणं आम्हाला पटत नाही. त्याच्या खेळण्याच्या पद्धतीतले दोष प्रत्येक सामन्यात डोळ्यांना दिसत होते. त्याच पद्धतीचा फायदा मात्र हजारो फटक्यांची बेरीज केल्यावरच दिसणारा होता. त्याला नाकारणाऱ्यांनी बहुतेक वेळा डोळ्यांवर विसंबून निर्णय घेतला, आणि बेरीज करण्याइतके सामने त्याला दिलेच नाहीत.

पद्धत नेमकी काय होती

आइस हॉकीचा गोल ६ फूट रुंद आणि ४ फूट उंच असतो. त्याच्यापुढे निळ्या रंगानं भरलेली क्रीज असते. ती ८ फूट रुंद असते आणि मधोमध ६ फूट पुढे येते. पक म्हणजे खेळायची रबरी चकती, ३ इंच व्यासाची, १ इंच जाड, १५६ ते १७० ग्रॅम वजनाची. तो बर्फावर उसळू नये म्हणून सामन्याआधी गोठवून ठेवतात.

समजा, फटका गोलरेषेपासून ३० फुटांवरून, अगदी समोरून आला. गोलरक्षक रेषेवरच उभा असेल तर त्याला ६ बाय ४, म्हणजे २४ चौरस फुटांचं तोंड राखावं लागतं. तो ३ फूट पुढे आला, तर तेच तोंड त्याच्या जागी ५.४ बाय ३.६ फुटांचं होतं. ६ फूट पुढे आला, तर ४.८ बाय ३.२ फुटांचं. म्हणजे क्रीजच्या टोकावर उभ्या राहणाऱ्याला साडेपंधरा चौरस फुटांपेक्षा कमी जागा झाकायची असते. रेषेवरच्या जागेपेक्षा ३६ टक्के कमी. थॉमसची उंची ५ फूट ११ इंच होती, आणि गोलरक्षकांच्या हिशेबात ती कमीच धरतात. बॉस्टनमध्ये त्याच्या जोडीला असलेला टुका रास्क आणि अंतिम फेरीत समोर उभा राहिलेला रॉबर्टो लुओंगो हे दोघं ६ फूट ३ इंचांचे. थॉमसला पुढे येणं भागच होतं.

पुढे येण्याची किंमत दोन ठिकाणी मोजावी लागते. पहिली वेळेची. ताशी १४५ किलोमीटर वेगाचा पक ३० फूट जायला साधारण ०.२३ सेकंद घेतो आणि २४ फूट जायला ०.१८. म्हणजे प्रतिक्रियेचा पाचवा हिस्सा वेळ हातचा जातो. ही किंमत परवडते, कारण झाकायची जागा त्याहून जास्त आकसलेली असते. दुसरी किंमत फार महाग आहे. पक डावीकडून उजवीकडे पास झाला आणि गोलच्या मध्यापासून मोजलेला कोन ६० अंशांनी बदलला, तर ३ फूट पुढे उभ्या असलेल्याला ३ फूट सरकावं लागतं आणि ६ फूट पुढे असलेल्याला पूर्ण ६ फूट. त्याच वेळात दुप्पट अंतर. पक गोलमागच्या फळीवर, म्हणजे मैदानाभोवतीच्या कठड्यावर, आपटून गोलच्या बाजूला आला, तर अवस्था आणखी बिकट, कारण तेव्हा पाठ वळवून मागे जायचं असतं. फिरकीपटूला पुढे सरसावून खेळणारा फलंदाज चेंडू वळायच्या आत गाठतो, पण अंदाज चुकला की यष्टिचीत होतो, तसाच हा व्यवहार.

थॉमस तरुण होता त्या काळात गोलरक्षणाचं शास्त्र नेमकं उलट दिशेनं चाललं होतं. प्रशिक्षक फ्रांस्वा अलेर आणि त्यांचा शिष्य पॅट्रिक रॉय यांनी क्वेबेकमधून बटरफ्लाय पद्धत रूढ केली. गुडघे एकत्र बर्फावर टेकायचे, पॅड दोन्ही बाजूंना पसरायचे, बर्फालगतची जागा बंद करायची, हालचाल कमीत कमी ठेवायची आणि पक अंगावर येऊ द्यायचा. ही पद्धत शिकवता येते आणि तिच्यातली चूक दाखवून देता येते. उंच मुलांना तर ती हमखास फळते. थॉमसही बटरफ्लायमध्ये जात असे, पण तेवढ्यावर थांबत नसे. पुढे येऊन फटका मारणाऱ्याला घाई करायला लावणं, काठीनं पक हिसकावणं, आडवं पडून पॅड रचणं, लोळून दुसऱ्या पोस्टकडे हात फेकणं हे सगळं तो करायचा. संघांसाठी खेळाडू हेरणाऱ्या निरीक्षकांच्या वह्यांत अशा खेळाला ‘धडपड’ म्हणतात, आणि त्या शब्दात कौतुक नसतं.

बारा वर्षं आणि मोजणीचा घोळ

थॉमसचा जन्म १९७४ मध्ये मिशिगनमधल्या फ्लिंट या मोटारींच्या कारखान्यांच्या गावातला. १९९३ ते १९९७ तो व्हर्माँट विद्यापीठाकडून खेळला. पुढे एनएचएलमध्ये नाव काढणारा मार्टिन सँ लुई तिथे त्याच्याच संघात होता. १९९६ मध्ये हा छोटा संघ महाविद्यालयीन स्पर्धेच्या शेवटच्या चारांत पोहोचला. त्याआधी, १९९४ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ पाळीपाळीनं तरुण खेळाडू निवडतात त्या निवडीत, क्वेबेक नॉर्डिक्सनं त्याला नवव्या फेरीत, २१७वा म्हणून निवडलं होतं. १९९५ मध्ये हा संघ कोलोरॅडोला हलला आणि त्याच डिसेंबरात तिथे पॅट्रिक रॉय आला. नवव्या फेरीतल्या गोलरक्षकासाठी त्या दारात उभं राहण्यात काही अर्थ उरला नाही.

इथे एक हिशेब मांडायलाच हवा, कारण या प्रकरणाची किल्ली त्यात आहे. सेव्ह टक्केवारी म्हणजे आलेल्या फटक्यांपैकी अडवलेल्यांचं प्रमाण. त्या काळच्या एनएचएलमध्ये ९१ टक्के म्हणजे कामचलाऊ, ९२ चांगला, ९३ अव्वल. दुय्यम आणि अव्वल यांच्यातलं अंतर अवघं दोन टक्क्यांचं असतं. आता समजा, एखाद्या गोलरक्षकाची खरी पातळी ९२ टक्के आहे. त्याला चार सामने दिले तर साधारण १२० फटके येतात. इतक्या थोड्या फटक्यांत निव्वळ योगायोगानं त्याचा आकडा अडीच टक्के वर किंवा खाली जाणं अगदी नेहमीचं असतं. ३०० फटक्यांवर हे हेलकावे दीड टक्क्यावर येतात. १८०० फटक्यांवर, म्हणजे ६० सामन्यांच्या हंगामात, ते ०.६ टक्क्यावर उतरतात. थोडक्यात, चार-दहा सामन्यांच्या आकड्यांवरून दुय्यम आणि अव्वल गोलरक्षक वेगळे काढता येत नाहीत. मग निवड करणारा डोळ्यांकडे वळतो, आणि डोळ्यांना आधी दिसते ती धडपड.

सलग खेळायला मिळालं तिथे मात्र थॉमसचे आकडे पहिल्यापासून बोलत होते. १९९८ मध्ये हेलसिंकीच्या एचआयएफके संघाबरोबर त्यानं फिनलंडचं विजेतेपद मिळवलं आणि तिथल्या लीगमधल्या सर्वोत्तम गोलरक्षकाचा उर्पो युलोनेन करंडकही. तरी पुढच्या मोसमात तो एडमंटनच्या दुय्यम संघात, हॅमिल्टनला. मग डेट्रॉइट व्हायपर्स, स्वीडनमध्ये एआयके, फिनलंडमध्ये कार्पात. २००२ मध्ये बॉस्टननं त्याला आपल्या प्रॉव्हिडन्सच्या संघासाठी घेतलं आणि त्या मोसमात एनएचएलचे चार सामने दिले. २००३-०४ मध्ये प्रॉव्हिडन्सला ४३ सामने, सामन्यामागे सरासरी १.८४ गोल दिलेले, ९४.१ टक्के, ९ शटआउट, म्हणजे एकही गोल न दिलेले सामने. त्याच हंगामात बॉस्टनचा गोलरक्षक अँड्र्यू रेक्रॉफ्ट एनएचएलमधला सर्वोत्तम नवोदित ठरला. त्यामुळे थॉमसच्या आकड्यांची किंमत शून्य.

पुढचं वर्ष लॉकआउटचं, म्हणजे संघमालकांनी केलेल्या टाळेबंदीचं. २००४-०५ मध्ये एनएचएल पूर्ण बंद राहिली आणि बरेच खेळाडू युरोपात गेले. थॉमस हेलसिंकीच्या योकेरिटकडून ५४ सामने खेळला: १५ शटआउट, सरासरी १.५८ गोल, ९४.६ टक्के. फिनलंडमधल्या खेळाडूंनी मतदानानं आपल्या लीगचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून त्याचीच निवड केली. ज्यांना त्याच्यावर आठवडेच्या आठवडे फटके मारावे लागले त्यांचं हे मत होतं. कुठल्याही निरीक्षकाच्या टिपणापेक्षा ते जास्त वजनाचं मानायला हवं होतं, असं आम्हाला ठामपणे वाटतं. युरोपातल्या रुंद मैदानांवर कडेनं येणारे फटके जास्त असतात, म्हणून ते आकडे उत्तर अमेरिकेत जसेच्या तसे धरू नयेत, हा आक्षेप रास्त आहे. पण प्रॉव्हिडन्सचं मैदान अमेरिकन मापाचं होतं, आणि आकडा तिथेही ९४ च्या वर होता.

तरीसुद्धा २००५-०६ ची सुरुवात प्रॉव्हिडन्सलाच झाली. जानेवारी २००६ मध्ये रेक्रॉफ्ट आणि हानू तोइवोनेन हे बॉस्टनचे दोघंही गोलरक्षक जायबंदी झाले, म्हणून थॉमसला वर बोलावलं. त्या हंगामात तो ३८ सामने खेळला, ९१.७ टक्के. संघ ढिसाळ असताना हा आकडा चांगलाच होता. २००६-०७ मध्ये ६६ सामने आणि ९०.५ टक्के: पुढे उभा राहणारा गोलरक्षक आणि आडवे पास मोकळे सोडणारा बचाव, ही जोडी जुळत नाही याचा पुरावा. २००७ मध्ये संघानं मॅनी फर्नांडेझला आणलं, ते मुख्य गोलरक्षक म्हणूनच. तो दुखापतीनं बाहेर गेला आणि जागा पुन्हा थॉमसकडे आली.

त्याच वर्षी क्लॉड ज्युलियन प्रशिक्षक म्हणून आले, आणि हा बदल थॉमसला फार मोलाचा ठरला. ज्युलियन यांचा बचाव गोलसमोरच्या मधल्या पट्ट्यात गोळा होतो, आडवे पास तोडतो आणि प्रतिस्पर्ध्याला लांबून मारायला लावतो. सहा फूट नऊ इंचांचा झडेनो चारा लांब काठी घेऊन त्या पट्ट्यात उभा असायचा. लांबून सरळ येणारा फटका हाच थॉमसच्या पद्धतीचा हुकमी व्यवहार. आकडे लगेच बदलले: २००७-०८ मध्ये ९२.१, आणि २००८-०९ मध्ये ९३.३ टक्के, ३६ विजय आणि सर्वोत्तम गोलरक्षकाचा व्हेझिना करंडक. तेव्हा तो ३५ वर्षांचा होता.

खुबा

२००९-१० मध्ये टक्केवारी ९१.५ वर आली आणि रास्क ९३.१ टक्क्यांसह पुढे गेला. ऑलिंपिकमध्ये अमेरिकेनं रौप्य मिळवलं. थॉमस रायन मिलरच्या मागे राखीव होता. हंगाम संपल्यावर त्याच्या खुब्यावर शस्त्रक्रिया झाली. खुब्याच्या वाटीच्या कडेला असलेली कूर्चेची गोल पट्टी, म्हणजे लॅब्रम, फाटली होती.

गोलरक्षकांमध्ये ही दुखापत वारंवार दिसते आणि तिचं कारण सरळ आहे. बटरफ्लायमध्ये गुडघे आत आणि पावलं बाहेर, म्हणजे मांडीचं हाड वाटीत आतल्या बाजूला जोरानं फिरतं. हाडाचा गोळा किंवा वाटीची कड जराशी जाड असेल, तर दर खेपेला मधली कूर्चा चिमटली जाते. सराव धरून दिवसाला शेकडो वेळा ही हालचाल होते. लॅब्रम फाटल्यावर दुखतं ते मुख्यतः ढकलून सरकताना आणि एका पोस्टवरून दुसरीकडे जाताना. जो गोलरक्षक क्रीजच्या टोकावर उभा असतो आणि ज्याला दुप्पट अंतर सरकायचं असतं, त्याचं सगळं गणित नेमकं तिथेच फसतं. तरी त्या उन्हाळ्यात चर्चा चालली ती वयाची आणि शैलीची, आणि बॉस्टननं त्याला दुसऱ्या संघाकडे धाडण्याची चाचपणीही केली.

२०१०-११ चा हंगाम प्रागमध्ये सुरू झाला. पहिला सामना रास्कला मिळाला आणि फिनिक्सनं तो जिंकला. दुसऱ्यात थॉमस उतरला आणि ३-० असा शटआउट घेऊन बाहेर आला. नंतर जागा सुटली नाही. ५७ सामने, १८११ फटके, ११२ गोल, ९३.८ टक्के. डोमिनिक हाशेकचा १९९८-९९ मधला ९३.७ टक्क्यांचा विक्रम त्यानं मोडला. त्या वर्षी लीगची सरासरी साधारण ९१.३ टक्के होती. म्हणजे सरासरी गोलरक्षकानं तेवढ्याच फटक्यांवर जितके गोल दिले असते, त्यापेक्षा थॉमसनं सुमारे ४५ कमी दिले. हाशेकलाही आयुष्यभर ‘धडपड्या’ म्हणूनच ओळखलं गेलं, हे इथे नोंदवून ठेवावं.

अंतिम फेरी, गोल मोजून

प्ले-ऑफमध्ये २५ सामने, ८४९ फटके, ७९८ अडवले; एका प्ले-ऑफमध्ये अडवलेल्या फटक्यांचा हा विक्रम. वाटेत टँपा बेविरुद्धचा सातवा सामना १-० असा जिंकला. पण पद्धत समजून घ्यायची तर व्हँकुव्हरनं जिंकलेले तीन सामनेच पाहावेत.

पहिला सामना १-०. शेवटची १८.५ सेकंदं उरलेली, यानिक हान्सननं गोलसमोरून आडवा पास दिला आणि राफी टॉरेसनं दुसऱ्या बाजूनं तो आत ढकलला. दुसरा सामना जादा वेळेत ३-२. जादा वेळेच्या ११व्या सेकंदाला अ‍ॅलेक्स बरोजनं फटक्याचा आव आणला, थॉमस पुढे धावून आला, बरोज गोलच्या मागून वळसा घालून गेला आणि रिकाम्या कोपऱ्यात पक ठेवला. पाचवा सामना पुन्हा १-०. केव्हिन बिएक्सानं गोलच्या बाहेरून फटका मारला, पक मागच्या फळीवरून उसळून मॅक्सिम लापिएरपुढे आला. थॉमस क्रीजच्या टोकावरून मागे येईपर्यंत उशीर झाला होता.

तिन्ही सामन्यांचा निकाल लावणारे गोल आडवे किंवा मागून आलेले. त्या पद्धतीची जी भोकं कागदावर दिसतात, बरोबर तीच. पाचव्या सामन्यानंतर लुओंगो जाहीरपणे म्हणाला की क्रीजमध्ये राहिलं असतं तर तो फटका अडवणं सोपं होतं. त्यावरून बॉस्टनमध्ये बराच गदारोळ झाला, पण त्याचं तांत्रिक विधान बरोबर होतं.

चुकला तो त्याचा जमाखर्च. व्हँकुव्हरला सात सामन्यांत मिळून आठच गोल करता आले. लुओंगोनं स्वतः २० गोल दिले आणि त्याला दोनदा मधूनच बाहेर काढावं लागलं. पुढे उभं राहिल्यामुळे थॉमसनं दोन-तीन गोल दिले असतील, पण त्याच जागेमुळे जे फटके त्याच्या छातीवर आणि खांद्यावर येऊन विरले ते कुणाच्या लक्षात राहत नाहीत. सरळ अंगावर आदळलेला पक पाहून ‘थेट मारला’ असं म्हटलं जातं. तो थेट का आला याचं उत्तर गोलरक्षक कुठे उभा होता यात असतं. शिवाय मागे परतण्याची त्याची ताकदही खरी होती. टँपाविरुद्धच्या पाचव्या सामन्यात पक असाच मागच्या फळीवरून उसळून स्टीव्ह डाउनीपुढे गेला होता. समोर उघडा गोल, बॉस्टन २-१ नं पुढे. थॉमसनं झेपावून काठीच्या रुंद भागानं तो पक रेषेआधी अडवला.

करार, आणि शेवटचे हंगाम

जानेवारी २०१२ मध्ये व्हाइट हाउसमधल्या सत्काराला थॉमस गेला नाही. सरकार अवाढव्य वाढून नागरिकांच्या हक्कांवर गदा आणतंय, असं त्यानं निवेदनात लिहिलं. त्या हंगामात ९२ टक्के आणि पहिल्याच फेरीत वॉशिंग्टनकडून सात सामन्यांत पराभव. २०१२-१३ मध्ये तो खेळलाच नाही.

इथे कराराचा एक नियम कामाला आला, तो समजून घेण्यासारखा आहे. २००९ मध्ये त्यानं चार वर्षांचा, सरासरी वर्षाला ५० लाख डॉलरचा करार केला होता. तेव्हाच्या नियमानुसार करार लागू होताना खेळाडूचं वय ३५ किंवा जास्त असेल, तर तो खेळला नाही तरी ती रक्कम संघाच्या सॅलरी कॅपमध्ये, म्हणजे एकूण पगारखर्चाच्या मर्यादेत, धरली जात असे. म्हणजे बॉस्टनच्या मर्यादेतले ५० लाख अडकून पडले. ७ फेब्रुवारी २०१३ रोजी त्यांनी हा करार न्यूयॉर्क आयलंडर्सला दिला. आयलंडर्सची अडचण उलटी होती: त्यांना पगारखर्चाची नियमानं ठरलेली किमान पातळी गाठायची होती, आणि न खेळणाऱ्या खेळाडूला पगार द्यावा लागत नसतानाही त्याचा आकडा हिशेबात धरला जात होता.

२०१३-१४ मध्ये तो फ्लोरिडा पँथर्सकडे चाचणीला आला आणि करार मिळवला. ४० सामने, ९०.९ टक्के. मार्च २०१४ मध्ये त्याला डॅलसला पाठवलं आणि त्या हंगामानंतर तो एनएचएलमध्ये दिसला नाही. एकूण ४२६ सामने, २१४ विजय, ९२ टक्के.

ही घसरण वर्षानुवर्षं वयाच्या आणि शैलीच्या खात्यावर मांडली गेली. डिसेंबर २०१९ मध्ये यू.एस. हॉकी हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला तेव्हा थॉमसनं सांगितलं की डिसेंबर २०१३ मध्ये त्याच्या मेंदूला दुखापत झाली होती. नंतरच्या तपासणीत मेंदूच्या दोन तृतीयांश भागाला पाच टक्क्यांहून कमी आणि उरलेल्या भागाला सरासरी निम्माच रक्तपुरवठा होत असल्याचं आढळलं. काय खायचं, कुठे जायचं हेसुद्धा त्याला ठरवता येत नव्हतं. त्याचा सगळा खेळ पक कुठे जाणार हे अर्ध्या सेकंदाआधी ओळखण्यावर उभा होता. त्यामुळे ती पद्धत चाळिशीत टिकते की नाही हे तपासायचं असेल, तर डिसेंबर २०१३ नंतरचे सामने हिशेबातून वगळावे लागतात. ते वगळले की एका हंगामाचे पहिले दोन-अडीच महिने उरतात, आणि तेवढ्या फटक्यांवरून कुठल्याच गोलरक्षकाबद्दल निर्णय देता येत नाही.